बायकांच्या बाजूचा कॅमेरा

तळोदा, रविवार, ५ जानेवारी २०२५

अकील,

सगळ्यात आधी आली ती सुंदरबाई. ती येणारच. आपल्या गल्लीत कोणाच्या दारात गाडी थांबली की गाडीतल्या माणसांच्या आधी सुंदरबाई उतरते. मी अंगणात मिरच्यांचे देठ खुडत बसले होते, तर ही धापा टाकत, "जन्नतबी वं, ऊठ! फिल्लमवाला उनात! शूटिंगवाली बाईले शोधी ऱ्हायनात. मी सांगं, अठे शूटिंगवाली एकच शे, पन ती आते म्हातारी व्हयी गयी."

म्हातारी म्हणाली मला. स्वतः चार वर्षांनी मोठी, तोंडात दात मोजून तीन.

तर फिल्मवाले. एक मुलगी, रुचिका नावाची, पुण्याची, केस मुलासारखे कापलेले पण बोलायला गोड. आणि तिचा कॅमेरावाला भूपेश. तो शहाद्याकडच्या शेतकरी घरातला निघाला, म्हणून चहा पिताना बशीत ओतून प्यायला. मला बरं वाटलं.

पत्र कशाला, फोन का नाही, असं म्हणशील. तुझा फोन लागत नाही, आणि लागला तर तू मीटिंगमध्ये असतोस. शिवाय मला आठवतं, तुमच्या घरी टपाल आधी शिरीन उघडते. लग्नापासूनची तिची सवय. वाच हो शिरीन, बेटा, तुला काही लपवायचं नाही. मी तुझ्या नवऱ्याची भाभी, त्याच्या मरहूम मोठ्या भावाची, हबीबची बायको. इतकं लिहावं लागतं, कारण हबीब गेल्यावर त्याच्या चाळिसाव्या दिवसाला जेवून गेलेला माणूस पंधरा वर्षांत या उंबऱ्यावर आला नाही. जाताना मात्र मणिबेलीच्या चार कॅसेटी बिस्किटाच्या डब्यात घालून नेल्यास. "डिजिटल करून आणतो, भाभी." डबा सुद्धा नाही आला परत.

रुचिकाने लॅपटॉप उघडला. म्हणाली, "आजी, हे आर्काइव आहे." मला वाटलं अर्क. गुलाबाचा असतो तसा. मग तिने सांगितलं, जुनं शूटिंग लोकांनी जपलेलं असतं, ते नव्या फिल्मवाल्यांना देतात, त्याला म्हणायचं. तुझ्या आर्काइवचं मोठं नाव आहे म्हणे. आतापर्यंत सात डॉक्युमेंटऱ्यांत तुझ्या मणिबेलीचे तुकडे लागलेत. तुझ्या मणिबेलीचे!

मग पडद्यावर पाणी आलं. त्र्याण्णवचा पावसाळा, धरणाच्या पाण्यात बुडणारं मणिबेली गाव. झोपडीच्या उंबऱ्यापर्यंत नर्मदा, आणि हात. दाराची फळी काढणारे हात, मडकी उतरवणारे हात, कोंबडी छातीशी धरलेले हात. चेहरा एकही नाही. मग कॅमेरा एकदम जमिनीवर, आडवा, आणि त्यात चार हात मिळून दळायची घट्टी उचलतात. दोन हात उन्हाने काळवंडलेले, रापलेले. दुसऱ्या दोन हातांवर मेहंदी.

रुचिकाने तिथे थांबवलं. "आजी, मणिबेलीच्या घरात त्या दिवशी अशी मेहंदी कोणाच्या हातावर असेल? अकील सरांना विचारलं तर म्हणाले, सरकारी दवाखान्याची नर्स होती."

नर्स! तळव्याच्या मधोमध चंद्र आणि त्यात वेल, असली मेहंदी लावून नर्स सुया टोचायला गेली का रे?

मी काय म्हणाले? म्हणाले, चष्मा सापडत नाही. चष्मा डोक्यावर होता. हुमाने, माझ्या नातीने, "दादी, डोक्यावर बघा ना," म्हटलं, तर तिला मी साखर आणायला पिटाळलं. साखर घरात होती.

तिने तुझी मुलाखतही दाखवली. काळा चष्मा, गळ्यात मफलर, पुण्यात एवढी थंडी पडते का? त्यात तू सांगतोस, "मी चेहरे नाकारले. हात हाच खरा इतिहास. आणि तो कॅमेरा मी जाणूनबुजून जमिनीवर ठेवला. मला जमिनीच्या नजरेतून बघायचं होतं." पुढे बसलेले लोक माना हलवतात. सुंदरबाई माझ्या कानात म्हणाली, "हाऊ तुन्हा देर शे का? कितला मोठा व्हयी गया वं!" मी हसले. इतकी हसले की पदर तोंडात कोंबावा लागला, आणि डोळ्यांतून पाणी आलं ते मिरचीचं. हात मिरचीचे होते माझे.

रुचिका त्या मेहंदीपायी इथे यायच्या आधीच बोटीने मणिबेलीला जाऊन आली होती. घट्टीवाली बाई शोधली. कालीबाई! जिवंत आहे, अकील. तिने व्हिडिओ पाहिला आणि म्हणाली, ही माझी घट्टी, हे माझे हात, आणि हे दुसरे त्या कॅमेरावाल्या बाईचे. मला एकटीला उचलेना म्हणून तिने ते मशीन खाली टाकलं आणि हात लावला. तळोद्याची होती, तिचा नवरा बोटीत ओकत पडला होता.

फिल्मवाले पुढच्या रविवारी परत येतील. फिल्मच्या नावांच्या पाट्या अजून छापायच्या आहेत. पाटीवर तुझं नाव टाकायचं की दुसऱ्या कोणाचं, ते ठरवायला त्यांना पुरावा हवा. रुचिका म्हणाली, "आजी, कालीबाईंचा शब्द एका बाजूला आणि अकील सरांचा दुसऱ्या. ते म्हणतात भाभींचं वय झालं, त्यांना आठवत नाही."

मला आठवत नाही. बरं. तू बस तिथे मफलर बांधून. मी आठवते.

जन्नतबी


तळोदा, शुक्रवार, १० जानेवारी

अकील, आणि शिरीन बेटा,

काल हुमाला घेऊन नंदुरबारला गेले होते. स्टेशनच्या अलीकडे रिक्षावाल्याने मिरची वाळवायच्या पथारींजवळून नेलं, लाल नुसतं लाल, डोळे मिटून घ्यावेत इतकं. हुमा शिंकून शिंकून बेजार. मला एक शिंक नाही. जन्म गेला मिरचीत.

काम काय होतं ते सांगते, आधी दुसरं सांगते.

तुला पुण्याच्या लोकांनी कधी विचारलं नाही का रे, हातच का? माझ्या सासरच्या गल्लीत कोणत्याही बाईने सांगितलं असतं. लग्नात हबीब मर्दान्यात शूटिंग करायचा. बायकांच्या बाजूला परका पुरुष कसा जाणार? म्हणून त्याने मला कॅमेरा शिकवला. खांद्यावर ठेवायचा तो मोठा, व्हीएचएसचा, चौथीतल्या पोराएवढं वजन. आणि बायकांच्या बाजूला गेल्याबरोबर घरची थोरली बाई म्हणायची, "चेहरा नको हं बाई घेऊ. कॅसेट उद्या कोण कोण बघेल." मग तीन तासांची कॅसेट भरायची कशाने? हातांनी. मेहंदी, बांगड्या, पानाचं ताट, चपला, नवरीच्या पायाचा अंगठा. वीस वीस लग्नांत हातच बघितले की माणूस हात ओळखायला लागतो. वरमाय कोणती, कर्जाने दागिना घातलेली कोणती, रडणार कोणती, मला हातांवरून कळायचं.

मणिबेलीला शहरातले काही लोक हबीबला घेऊन गेले, त्यांचा कॅमेरावाला आजारी होता. मी बरोबर गेले कारण हबीबला पाणी बघितलं की पोटात ढवळायचं. बोटीत बसला आणि लिंबू चोखत आडवा झाला तो संध्याकाळीच उठला. "जन्नत, तू घे." मी घेतला. आणि सवयीने चेहऱ्याकडे नेलाच नाही. तिथे मला कोणी नको म्हटलं नव्हतं, अकील. कालीबाई तर सरळ माझ्याकडे बघत होती. मीच चुकले. माझी चूक तू सात फिल्मांत विकलीस आणि वर तिला इतिहास म्हणालास.

तू त्या दिवशी कुठे होतास? सुरतेला, मामूकडे. घरी आल्यावर हबीबने कौतुकाने तुला सगळं सांगितलं. आणि तू दुसऱ्या दिवशी अम्मीला जाऊन सांगितलंस की भाभी बोटीत परक्या माणसांत बुरखा काढून बसली होती, खांद्यावर कॅमेरा घेऊन. काढला होता मी. भिजून दगड झाला होता तो. अम्मीने माझं बाहेरचं शूटिंग त्या दिवसापासून बंद केलं. हबीब दोन दिवस जेवला नाही, पण आईपुढे बोलला नाही.

म्हणजे बघ कसं झालं. माझी चुगली करायची होती तेव्हा कॅमेरा माझ्या हातात होता. हार घालून घ्यायचे आहेत तेव्हा तुझ्या हातात आला.

आठ वर्षांपूर्वी हुमाच्या बापाने मोबाईलवर पहिल्यांदा फिल्म दाखवली, शेवटी तुझं नाव. मी तुला फोन लावला. काय म्हणालास आठवतं? "भाभी, तुम्ही बटण दाबलं होतं. फिल्म बटणाने होत नाही." मी फोन ठेवला. नंतर काही झालं नाही. मी भांडी घासली. घासलेली पुन्हा घासली, एवढंच.

आता नंदुरबार.

तू मणिबेलीच्या कॅसेटी नेल्यास, पण माळ्यावरच्या लग्नाच्या पेटीला हात लावला नाहीस. तुला वाटलं, लग्नाच्या कॅसेटी, कोण विचारतो. त्यात एकीवर हबीबच्या अक्षरात: अकील–शिरीन, श्याण्णव, जनाना.

अम्मीने बाहेरचं बंद केलं होतं. बायकांच्या बाजूचं नव्हतं केलं.

तळोद्यात कोणाकडे व्हीसीआर नाही. नंदुरबारला नवनीतभाई, हबीबचा मिक्सिंगवाला, अजून दुकान चालवतो. दुकानात आता आधारकार्डाचे फोटो निघतात. माझं नाव सांगितल्यावर उठून उभा राहिला. "भाभी, तुमच्या जनान्याच्या कॅसेटी मिक्स करायला मला किती सोप्या जायच्या. कापायला काही नसायचंच." हे वाक्य हुमासमोर म्हणाला. तू बटण म्हणालास, नवनीतभाई हे म्हणाला. लक्षात ठेव.

कॅसेटला बुरशी चढली होती, पांढरी. त्याने स्क्रू काढून फीत बाहेर काढली, हळूहळू पुसली, जशी नवजात बाळाची मान धरतात तशी धरून. मी मनात दरूद म्हणत होते. मग व्हीसीआरमध्ये घातली. आधी नुसत्या रेघा. मग रंग फुटला.

सगळं पुढच्या पत्रात लिहीन म्हणत होते, पण राहवत नाही. शिरीन, तुझे हात बेटा! सतरा वर्षांचे, बोटं घट्ट मिटलेली, आणि तुझ्या खालाने ती एकेक करून उघडली. ते आहे. तुझ्या अम्मीचा हात तुझ्या गुडघ्यावर, तो आहे. आता नाही ना ती. तुला हवं असेल तर मी पाठवते.

आणि अकील, तू आहेस.

जन्नतबी


तळोदा, सोमवार, १३ जानेवारी

अकील,

फोन केलास म्हणून शुक्रिया. आठ वर्षांनी फोनवर आवाज ऐकला. शनिवारी दुपारी बाराच्या सुमारास लागोपाठ चार वेळा वाजला, मी मुद्दाम पाचव्याला उचलला. मी पण मीटिंगमध्ये होते. सुंदरबाई आली होती.

तिने ऐकावं म्हणून स्पीकर लावला होता, ते तुला सांगितलं नाही. आता सांगते.

तू म्हणालास, "भाभी, घरातली गोष्ट घरात राहू द्या ना."

मी म्हणाले, "घरातलीच आहे. घरात कॅमेरा मीच चालवत होते."

"शिरीन दोन दिवसांपासून बोलत नाही माझ्याशी."

"तिला कालची चिठ्ठी अजून मिळाली नसेल. मग बोलेल."

मग तू नरम झालास. नरम आवाजातला तू मला जास्त ओळखीचा आहेस. "असं करू, पाटीवर दोघांची नावं घालू. छायाचित्रण अकील, सहाय्य जन्नतबी. तुमचा मान राहील, माझाही राहील."

सुंदरबाईला राहवलं नाही. ती फोनजवळ तोंड नेऊन म्हणाली, "सहाय्य म्हंजे काय रे भाऊ? कॅमेरा तिन्हा खांदावर, आनि तू सुरतले, मंग तू कोनले सहाय्य करी ऱ्हायनथा?" तू फोन ठेवलास. मी आणि सुंदरबाईने त्यावर दोन कप चहा घेतला, आणि तिने तिच्या तीन दातांनी अख्खी खारी खाल्ली.

काल ठरल्याप्रमाणे रुचिका आणि भूपेश आले. खिचडी आणि तळलेली मिरची केली होती. भूपेशने तीनदा घेतली, रुचिका एकदाच, डोळ्यांत पाणी आणून. मग हुमाने नवनीतभाईने भरून दिलेला पेन ड्राइव्ह टीव्हीला लावला.

पहिली पाच मिनिटं तेच. हात, हात, पानाचं ताट, चपला. भूपेश खुर्चीवरून उतरून जमिनीवर बसला. म्हणाला, "रुचिका, तोच हात आहे." त्याचा अर्थ मी विचारला तर म्हणाला, कॅमेरा धरणाऱ्याचा. आम्हाला कळतं म्हणाला, कुठे थांबलं, कुठे पुढे गेलं, त्यावरून. मणिबेलीत जिथे थांबले तिथेच इथेही थांबले म्हणे मी. मला माहीत नव्हतं की मी थांबते.

पण रुचिका हुशार. ती म्हणाली, "कोणी म्हणेल हे शूटिंगही अकील सरांनीच केलं."

मी म्हटलं, "जरा पुढे बघ, बेटा. नवरदेव बायकांना सलाम करायला आत येतो."

सांगू का तुला, त्या अख्ख्या कॅसेटमध्ये चेहरा एकच आहे. बायकांचे घ्यायचे नव्हते. नवरदेवाचा घ्यायला कोणाची बंदी होती? सेहरा बाजूला केलेला, मिशी नुकती फुटलेली, कपाळावर घाम. शिरीनच्या बहिणींनी तुला सरबताचा पेला दिला. त्यांच्या बांगड्या हसतायत, तेवढ्यावरून मला कळलं होतं की त्यात मीठ आहे. म्हणून मी कॅमेरा तुझ्या तोंडावर आणला आणि हलवला नाही. तू एका घोटात अर्धा पेला प्यालास. डोळे बाहेर आले. नाकातून सरबत आलं, अकील. शेरवानीवर. आणि सगळ्या बायका हसतायत, आणि तू सरळ माझ्याकडे बघून, रडकुंडीला येऊन, काय ओरडतोस?

"भाभी, कॅमेरा बंद करा ना!"

हुमाने तीन वेळा मागे नेऊन लावलं. स्वच्छ ऐकू येतं. नवनीतभाईने आवाज चांगला साफ केलाय.

रुचिकाने आधी हसू दाबलं. मग दाबलं नाही. नंतर म्हणाली, "आजी, एक विचारू? हे अकरा सेकंद फिल्ममध्ये घालू? मणिबेलीच्या घट्टीच्या आधी. लोकांना एका क्षणात समजेल कोण कॅमेऱ्यामागे होतं. पण तुमची परवानगी हवी. नसेल द्यायची तर नुसतं नाव बदलते, तेवढा पुरावा मला पुरे आहे."

ऐक. नुसतं नाव बदललं असतं तरी चाललं असतं, ती स्वतः म्हणाली. मी उठून आत गेले. पाणी प्यायले. हबीबचा विचार केला. तो म्हणाला असता, जाऊ दे जन्नत, माझा भाऊ आहे. तो असं प्रत्येक वेळी म्हणायचा आणि प्रत्येक वेळी मी जाऊ द्यायची. अम्मीचा विचार केला. दोन दिवस न जेवलेल्या माणसाचा विचार केला. बटणाचा विचार केला. मग बाहेर आले आणि म्हटलं, घाल. अकरा का? पूर्ण पेला घाल.

तिने कागद काढला. मी सही केली, शाळेत शिकवली होती तशी, जोडाक्षर सावकाश. पाटीवर काय लिहू म्हणाली. "कॅमेरा: जन्नतबी." आडनाव? म्हटलं लागत नाही, तळोद्यात जन्नतबी शूटिंगवाली एकच आहे. सुंदरबाईला विचारा. आणि घट्टीच्या तुकड्याखाली कालीबाईचंही नाव लिही म्हणाले. सात फिल्मांत त्या हातांना कोणी नाव दिलं नव्हतं. तूही नाही, आणि खरं सांगायचं तर मीही नाही. मी तेव्हा तिला विचारलंच नव्हतं.

एवढं एकच मला टोचतंय. बाकी तब्येत उत्तम, भूक लागते, झोप लागते.

जन्नतबी


तळोदा, शनिवार, १८ जानेवारी

अकील,

हे चार ओळींचं, कारण घरात पाहुण्यांची तयारी चालू आहे.

काल शिरीनचा फोन आला. आधी सगळ्यांची खुशाली विचारली. मग म्हणाली, "भाभी, माझ्या अम्मीचा हात किती वेळ दिसतो?" मी म्हटलं, मोजलं नाही बेटा, पण मी तिथे थांबले होते. मग ती रडली. मग मी तिला विचारलं, अकीलने सांगितलं होतं का की तुमच्या लग्नाच्या जनान्याचं शूटिंग त्यानेच केलं? म्हणाली, "नाही भाभी. सांगितलं होतं की तेवढी कॅसेट खराब झाली." म्हणजे तुला ती आठवत होती. मला वाटलं होतं विसरला असशील. ते ऐकून माझा उरलासुरला राग सुद्धा तरतरीत झाला.

फिल्म पुण्याला दाखवणार आहेत, तुझ्याच त्या माना हलवणाऱ्या लोकांना. तुला बोलावणं आहे. पहिल्या रांगेत बसवा म्हणून मी रुचिकाला सांगितलंय. मान ठेवायचा असतो.

त्याआधी ती परत येते, मला आणि कालीबाईला समोरासमोर बसवून बोलतं करायला. कालीबाईला बोटीने आणि मग जीपने आणणार. शिरीन म्हणाली मी पण येते, रुचिकाच्या गाडीतूनच. गाडीत एक जागा रिकामी आहे. तू आलास तर चहा मिळेल, साधा, साखरेचा, आणि जे काय सांगायचं ते भूपेशच्या कॅमेऱ्यासमोर सांगायचं, चेहऱ्यासकट. नाही आलास तर तेही ते फिल्ममध्ये लिहितील.

बुधवारी, बावीस तारखेला येतो म्हणालेत, सकाळी दहाला.

जन्नतबी